ओट्याची उंची

प्रश्न थोडक्यात असा आहे. पुण्यातलं १९६४ सालचं बैठं घर. पानशेतच्या पुरात वाड्यातल्या खोल्या गेल्या, म्हणून सासऱ्यांनी पूरग्रस्तांच्या सोसायटीत बांधलेलं. आता स्वयंपाकघर नव्याने करायचं आहे. नवऱ्याला मधली भिंत पाडून ओपन किचन हवंय. मॉड्युलरवाल्याने सगळीकडे सरसकट ३४ इंच उंचीचा ओटा आखून दिलाय. आणि ७८ वर्षांच्या सासूबाई एवढंच म्हणतात, "माझी खाली बसायची जागा घालवू नका." शेवटी विचारलं आहे: घराची आखणी माणसांना बदलते की माणसं आखणीला, आणि आम्ही नेमकं कोणाचं ऐकायचं?

आधी निकाल सांगते, कारणं मग. सासूबाईंचं ऐका. भिंतीचं नंतर बघू, पण तो ३४चा आकडा आजच खोडा.

मी गेली तीस-बत्तीस वर्षं घरं आखते. मोठ्या इमारतींची कामं माझ्याकडे कमी, जुनी घरं दुरुस्त करायची जास्त. आणि घर दुरुस्त करायचं म्हटलं की भांडण स्वयंपाकघरातच होतं. दिवाणखान्याबद्दल सगळ्यांचं पटकन एकमत होतं, कारण तिथे कोणालाच काम करायचं नसतं.

सासूबाईंची ती खालची जागा हट्टापायी मागितलेली नाही. आपला स्वयंपाक कित्येक पिढ्या जमिनीवर होता आणि त्यातलं एकेक हत्यार जमिनीसाठीच घडलेलं होतं. विळीच घ्या. पातं जागेवर, भाजी हलते, आणि विळी घसरत नाही कारण तिच्या पाटावर पाय असतो. बाई उभी राहिली की विळीचा एक अवयवच गळून पडतो. पाट्यावर वरवंटा ओढायला कमरेपासूनचं वजन लागतं, जात्याला पसरलेला पाय लागतो. परातीत भाकरी थापताना अंग वरून यावं लागतं. चूल तर जमिनीचाच उंचवटा: शेजारी वैल म्हणजे तिलाच जोडलेली लहान चूल, पुढ्यात निखारे ओढून भाकरी शेकायची जागा. फुंकणी उजव्या हाताला, मिसळणाचा डबा डाव्या हाताला, पाण्याचा हंडा पाठीशी. आज 'वर्क ट्रँगल' म्हणून, म्हणजे शेगडी, पाणी आणि सामान हाताशी ठेवणारा त्रिकोण म्हणून, जे विकलं जातं ते तिथे होतंच, फक्त त्याला नाव नव्हतं आणि बिलही नव्हतं.

हे लिहिताना जुन्याचे गोडवे गायचा मोह होतो. पण या बैठकीचे गोडवे गाणाऱ्यांमध्ये चुलीपुढे बसलेली बाई मला अजून भेटलेली नाही. धुराने चुरचुरणारे डोळे, दिवसातून पन्नास वेळा उठबस, पाणी आणायला पुन्हा मागच्या दारी, आणि सगळ्यांची पानं उठल्यावर आपलं पान. ती उंची सोडायला बायका तयारच होत्या, पण सोडून जायचं कुठे?

मग ओटा वर कोणी नेला? 'इंग्रजांचं अनुकरण' हे उत्तर मला पुरेसं वाटत नाही. बंगल्यांतून आणि काही सुधारकी घरांतून उभं स्वयंपाकघर आधीपासून होतं हे खरं, पण त्याने गल्लीतलं घर बदललं नाही.

आधी स्टोव्ह आला. स्वीडनच्या लिंडक्विस्टने १८९२च्या सुमारास प्रायमस काढला आणि तो जगभर गेला. आपल्याकडे विशेषतः एका खोलीच्या चाळकरी संसाराला तो वरदानच होता. चूल मांडायला जागा नाही, सरपण ठेवायला जागा नाही, धूर जायला वाट नाही, अशा खोलीत तीन पायांची ही पितळी वस्तू कोपऱ्यात उभी राहिली. पंप मारा, पिन मारा, आणि मग तो घों घों आवाज, ज्याने सकाळ झाल्याचं शेजारच्या खोलीलाही कळायचं. पण स्टोव्हने बाईला उभं केलं नाही. तो जमिनीवरही ठेवता यायचा, म्हणून बहुतेक घरांत जमिनीवरच राहिला. जमिनीवरची उघडी ज्योत, तिच्यावरून पलीकडचा डबा काढायला वाकलेली बाई, आणि पुढे पुढे अंगावर नायलॉनची साडी. 'स्टोव्हचा भडका उडून' हे शब्द वर्तमानपत्रांत इतक्यांदा छापून येत की वाचणाऱ्याचे डोळे त्यांवरून घसरत. त्यातले किती भडके खरोखर स्टोव्हचे होते, हे वाचणाऱ्यांना कळत होतं आणि शेजाऱ्यांनाही.

माझ्या मते ओटा वर नेला तो गॅसच्या सिलिंडरने, आणि तोही पदार्थविज्ञानाच्या एका साध्या नियमामुळे. हा गॅस हवेपेक्षा जड असतो. गळला तर वर निघून जात नाही, पाण्यासारखा जमिनीलगत साचतो. म्हणून शेगडी जमिनीवर नको. शिवाय सिलिंडर उभाच ठेवायचा आणि शेगडी त्याच्यापेक्षा वरच्या पातळीवर हवी, हा सुरक्षेचा नियम. घरगुती १४.२ किलोचा सिलिंडर दोन फुटांहून थोडा उंच. त्याच्यावर शेगडी आणायची म्हणजे कट्टा अडीच फुटांच्या आसपास जाणारच. मुंबईत बर्मा शेल या तेल कंपनीने १९५०च्या दशकाच्या मध्यावर हा गॅस घरगुती वापरासाठी आणला, १९६५मध्ये इंडियन ऑइलचा इंडेन आला. तिथून पुढे घरोघरी दोन विटांच्या भिंतींवर कडाप्प्याची लादी टाकून ओटा तयार होऊ लागला, खाली सिलिंडर आणि वर शेगडी. कोणी बसून ठरवलं नव्हतं की मराठी बाईने यापुढे उभ्याने स्वयंपाक करावा. लोखंडाच्या एका टाकीची उंची ठरली आणि तिच्यामागे बाई उभी राहिली.

अर्थात टाकी मिळायला हवी. गॅससाठी नंबर लावून वर्षानुवर्षं वाट बघितलेली पिढी अजून आपल्यात आहे. खासदारांच्या कोट्यातून कनेक्शन मिळवणं हे त्या काळी खटपटीचं काम होतं, आणि स्थळ बघताना 'घरात गॅस आहे' हे नळ आणि संडासाच्या ओळीत सांगितलं जायचं. दरम्यान रॉकेलसाठी डबे घेऊन रांगा. १९७२च्या दुष्काळानंतरच्या महागाईत मृणाल गोरे, अहिल्या रांगणेकर यांच्यामागे मुंबईच्या बायका लाटणी आणि थाळ्या घेऊन रस्त्यावर आल्या, त्यात धान्याइतकंच तेल आणि रॉकेलही होतं. लाटण्यासारखी वस्तू स्वयंपाकघरातून निघून मोर्चात जाते तेव्हा तिला आखणारी मी नाही, पण त्या प्रसंगाने स्वयंपाकघर हा घरातला खासगी कोपरा राहिला नाही एवढं मला दिसतं.

दुसरी अट पाण्याची. हिच्याकडे माझ्या व्यवसायातले लोकही दुर्लक्ष करतात. शेगडी वर गेली तरी नळ खालीच मोरीत असेल तर बाई अर्धी उभी आणि अर्धी बसलेली राहते. तुमच्या १९६४च्या घरात बहुधा तसंच असणार: स्वयंपाकघराच्या कोपऱ्यात उतरती मोरी, तिच्यात वीतभर उंचीवर नळ, आणि ओटा नंतर कधीतरी वर चढवलेला. जुना ओटा काढाल तेव्हा त्याच्या पायाखाली बघा. खोलीतली शहाबादी फरशी ओट्याखालीही सलग गेलेली असेल, तर ओटा मागाहून आला. म्हणजे तुमच्या सासूबाईंनी त्याच खोलीत दोन वेगळ्या उंचींवर संसार केला आहे. आधीची उंची त्यांनी निवडलेली नव्हती, दुसरीही नव्हती.

ओटा आल्यावर खालची एकेक वस्तू बेघर होत गेली, हा भाग मला सगळ्यांत मजेचा वाटतो. विळीच्या जागी सुरी आणि पाट आला. काही बायकांनी हार मानली नाही, तर कारागिरांनी घडीची, ओट्याच्या कडेला पकडून बसणारी विळी काढली. खोबरं खवायला ओट्याला चिकटणारी खवणी आली. १९५९मध्ये प्रेस्टिज आणि हॉकिन्स दोन्ही कुकरांची इथली सुरुवात झाली. कुकरचं तत्त्व फार जुनं, फ्रेंच माणूस दनी पापँ याने १६७९मध्ये असं भांडं करून दाखवलं होतं. पण आपल्याकडे त्याने जे केलं ते पापँला सुचलं नसतं. त्याने वेळ मोजायचं एकक दिलं. कोंडलेल्या वाफेत पाणी १२० अंशांच्या जवळ जाऊन उकळतं, डाळ पंधरा-वीस मिनिटांत शिजते, ही झाली तांत्रिक बाजू. खरा बदल 'तीन शिट्ट्या झाल्या की बंद कर' या वाक्यात आहे. चुलीवरची डाळ कोणावर सोपवून जाता येत नाही. जाळ मागे-पुढे करायला तिथे माणूस लागतो, आणि जाणतं लागतं. शिट्ट्या मात्र शाळेतल्या मुलालाही मोजता येतात, आणि बाहेरच्या खोलीत पेपर वाचणाऱ्यालाही. नोकरीवर निघालेल्या बाईला घराबाहेर काढण्यात त्या शिट्टीचा वाटा किती, हे कोणी मोजलेलं नसेल. मी माझ्या आईपुरतं सांगू शकते, पुष्कळ.

मिक्सरची गोष्ट याच जातीची. परदेशी ब्लेंडर रस काढण्यासाठी केलेले. सुकं खोबरं, भिजवलेली डाळ, लसणाची चटणी म्हटलं की त्यांची मोटर धापा टाकायची. अभियंता सत्यप्रकाश माथुर यांनी १९६३च्या सुमारास 'सुमीत' बाजारात आणला तो आपल्या वाटणाला पुरे पडेल अशा मोटरसकट. पाटा गेला. जातं त्याच्या आधीच, पिठाच्या गिरणीने घालवलं होतं. पहाटे दोघी समोरासमोर बसून दळायच्या आणि ओव्या गायच्या, ते दळण गेलं तशा ओव्यांना बसायला जागा उरली नाही. हेमा राईरकर आणि गी पॉइटव्हाँ या अभ्यासकांनी गावोगाव फिरून एक लाखाहून जास्त ओव्या गोळा केल्या त्या मुख्यतः आठवणींतून; कित्येकींच्या घरी तोवर जातं लग्नातल्या हळदीपुरतं उरलं होतं. जातं परत आणा असं म्हणणारी मी नाही. पण जात्याबरोबर दळणाचा त्रास तेवढा जाईल असं वाटलं होतं, प्रत्यक्षात त्या दोघींचं समोरासमोर बसणंही गेलं.

ओटा भिंतीला लागून असतो, म्हणून उभी बाई भिंतीकडे तोंड करून उभी असते. बसलेल्या चौघी एकमेकींकडे तोंड करून बसतात. वालाच्या डाळिंब्या सोलणं, मेथी निवडणं, कुरडया, उकडीचे मोदक ही सगळी कामं आजही खालीच होतात, कितीही महागडं मॉड्युलर असलं तरी. चतुर्थीला ज्या घरात जमिनीवर चार माणसं गोल बसायला जागा नाही, तिथे मोदक विकत येतात. तुमच्या सासूबाई जी जागा मागताहेत ती बहुधा एका माणसाची नाही.

आता उलथापालथीबद्दल, कारण तुमच्या घराचा जन्मच तिच्यातून झाला आहे.

१२ जुलै १९६१ला सकाळी पानशेतचं धरण फुटलं, त्या लोंढ्याने खडकवासलाही गेलं, आणि नदीकाठच्या पेठांमधले मातीविटांचे वाडे काही तासांत बसले. त्यानंतर गोखलेनगर, लोकमान्यनगर, सहकारनगर असा नवा भाग वसत गेला. वाड्यात स्वयंपाकघर सगळ्यांत आत, मागच्या बाजूला, विहिरीजवळ असायचं. अंधारं, सोवळ्याओवळ्याच्या नियमांत बंद. कोणी कुठवर यायचं ते उंबरठे ठरवायचे, आणि काहींना तर पहिल्या उंबरठ्याच्या आतही वाट नव्हती. नव्या सोसायट्यांच्या छोट्या घरांत तेवढे उंबरठे बसवायला जागाच नव्हती. दोन खोल्या, एक व्हरांडा, मागे मोरी. पिढ्यान्पिढ्या जे कोणी सोडलं नसतं ते चौरस फुटांच्या हिशेबात सुटून गेलं. सुधारकांनी पन्नास वर्षं सांगून जे झालं नाही ते पुराने केलं असं मी म्हणणार नाही, कारण नियम मनात शिल्लक राहतात आणि कपबशा वेगळ्या ठेवायला फारशी जागा लागत नाही. पण भिंतींनी साथ देणं तरी सोडलं.

पूरग्रस्तांसाठी निसेन हटही उभ्या राहिल्या होत्या. अर्ध्या कापलेल्या पिंपासारख्या आकाराची ही झोपडी पीटर निसेन या लष्करी अभियंत्याने १९१६मध्ये, पहिल्या महायुद्धात सैनिकांसाठी आखली. झटपट उभी राहते, वाहून न्यायला सोपी. सैनिकाला खाट टाकायला पुरते. पण तिची भिंत जमिनीपासूनच आत वळत जाते. सरळ भिंत नाही तिथे मांडणी कुठे टांगायची? फळी कशी ठोकायची? सैनिकाकडे डबे नव्हते, म्हणून निसेनला हा प्रश्न पडला नाही.

हे मी दुसऱ्यांच्या चुका दाखवायला लिहीत नाही. माझी पहिली मोठी चूक याच जातीची आहे.

३० सप्टेंबर १९९३च्या पहाटे किल्लारीचा भूकंप झाला. रात्री गणपती विसर्जन करून लोक झोपले होते. दोन-दोन, तीन-तीन फूट जाडीच्या दगडमातीच्या भिंती आणि वर मातीचं जड माळवद. आठ हजारांच्या आसपास माणसं गेली. बावन्न गावं संपूर्ण उठवून नव्या जागी बसवायची ठरली. मी नुकतीच शिक्षण संपवून निघाले होते आणि त्यातल्या एका गावाच्या कामावर जाऊन पडले. घरं जमीनधारणेप्रमाणे ठरलेली: भूमिहीन आणि अल्पभूधारकाला २५० चौरस फूट, पुढे ४००, मोठ्या शेतकऱ्याला ७५०. त्या अडीचशे फुटांत मी उभ्याचं स्वयंपाकघर आखलं. ओटा, वर धुराडं, खिडकी. बाईची धुरातून आणि वाकण्यातून सुटका करायची, अशी माझी समजूत होती आणि मी तिच्यावर फार खूष होते.

घरं ताब्यात दिल्यावर काही महिन्यांनी परत गेले. ओट्यावर ज्वारीची पोती, त्यांवर देवाची तसबीर. चूल बाहेर, पत्र्याच्या आडोशाला, जमिनीवर. घराघरांतून हेच. एक आजी भाकरी थापत होत्या. मी विचारलं, आत का नाही करत? त्या माझ्याकडे न बघता म्हणाल्या, "उभ्यानं भाकर थापायला हाताला जोर कुठून येईल बाई? अन् शेकायची कुठं, तुझ्या कट्ट्यावर?" धुराडं पावसात गळतं म्हणून बहुतेकांनी चिंध्या कोंबून बंद केलं होतं. देशभर १९८०च्या दशकात निर्धूर चुलींचा कार्यक्रम झाला, त्यातल्या कित्येक चुलींचं असंच झालेलं मी नंतर पाहिलं. धूर कमी करताना निखाऱ्यांची जागा काढून टाकलेली, आणि भाकरीला शेवटी निखारा लागतोच.

त्या गावात आणखी एक गोष्ट दिसली. जुनं गाव दाटीचं, वळणावळणाचं. बाईला घराच्या चौकात बसलं तर रस्त्यावरून दिसत नसे. नव्या गावात आम्ही सरळ, रुंद रस्ते आखले आणि प्रत्येक दार रस्त्याकडे केलं. लोकांच्या हातात पहिले पैसे आले तेव्हा त्यांनी खोली वाढवली नाही, आधी कुंपणाची भिंत बांधली. आणि दगडाचं नावही नको झालं. खरं तर दोष एकट्या दगडाचा नव्हता; भिंतीच्या आरपार जाणारे, दोन्ही बाजू एकत्र बांधून ठेवणारे दगडच नव्हते, सांध्यात माती होती आणि डोक्यावर टनावारी माती होती. पण ज्याने आपली माणसं दगडाखालून काढली त्याला हे शिकवायला जायचं धाडस माझ्यात नव्हतं. मराठवाड्याच्या उन्हाळ्यात काँक्रीटच्या छताखाली भाजून निघत लोकांनी ते छत पत्करलं.

तेव्हापासून मी जुन्या घरात गेले की आधी जुगाड शोधते. कुठे वीट ठेवली आहे, कुठे दोरी बांधली आहे, कुठे पाट सरकवला आहे. जिथे जुगाड आहे तिथे आखणाऱ्याने कोणाचं तरी शरीर मोजायचं राहिलेलं असतं. तुमचा प्रश्न आहे की कोण कोणाला बदलतं. माझ्या अनुभवात वस्तू आधी येते आणि माणसाला ढकलते. मग माणूस तिच्याखाली वीट घालतो. त्या विटेकडे बघून पुढची वस्तू कोणी केली तर ठीक, नाहीतर वीट तशीच राहते.

यातला सगळ्यांत गमतीचा नमुना तुमच्या मॉड्युलरवाल्याच्या कॅटलॉगमध्येच आहे. सलग ओटा, वर-खाली कपाटं, हात लांबवला की सगळं हाताशी, हे स्वयंपाकघर १९२६मध्ये फ्रँकफुर्टमध्ये जन्मलं. पहिल्या महायुद्धानंतर तिथे घरांची टंचाई होती, शहराने हजारो स्वस्त घरं बांधायला घेतली, आणि मार्गारेटे श्युटे-लिहोत्स्की या ऑस्ट्रियन वास्तुरचनाकार बाईंनी त्यांच्यासाठी जेमतेम १.९ मीटर बाय ३.४ मीटरची खोली आखली. घड्याळ लावून हालचाली मोजल्या, रेल्वेच्या डायनिंग कारमधलं चिंचोळं स्वयंपाकघर डोळ्यापुढे ठेवलं. अशी दहा हजारांच्या आसपास स्वयंपाकघरं बसली. तिथल्या रहिवाशांचीही कुरकुर होतीच: टेबल मावत नाही, दुसरं माणूस आत आलं की अडचण होते. पण त्या खोलीत एक गोष्ट होती जी पुढे जगभर नक्कल करताना गळाली. खिडकीपाशी कामाची फळी आणि तिच्यासमोर उंची बदलता येणारं, फिरतं स्टूल. भाजी चिरायला बसा, असं त्या आखणीतच होतं. आपण ओटा घेतला आणि स्टूल विसरलो. तुमच्या सासूबाई जे मागताहेत ते मूळ नकाशात होतं, असं नवऱ्याला सांगा. जर्मन म्हटलं की पटतं लवकर.

आता कामाचं.

३४ इंच हा आकडा पाच फूट पाच-सहा इंच उंचीच्या माणसाचा आहे. आपल्याकडे बाईची सरासरी उंची पाच फुटांच्या आसपास, म्हणजे १५२ सेंटिमीटर. उभं राहून कोपर काटकोनात धरला तर तो जमिनीपासून साधारण ३७-३८ इंचांवर येतो. चिरायची, लाटायची पातळी त्याच्याखाली पाच-सहा इंच हवी, म्हणजे ओटा ३१ ते ३२. पोळपाटाचे पाय त्यात पुन्हा दीड-दोन इंच वाढवतात हे लक्षात ठेवा. शेगडीखाली तर ओटा आणखी खाली हवा. शेगडी स्वतः चार-पाच इंच, तिच्यावर कुकर सात-आठ इंच. ३४वर ही चळत चढवली की कढईत डोकावायला टाचा उचलाव्या लागतात आणि संध्याकाळी खांदा दुखतो. शेगडीपुरता ओटा २८-२९वर उतरवा. सिलिंडर खाली मावत नसेल तर तो शेजारच्या भागात, हवेशीर जागी ठेवा, पण उभाच. सिंकचं मात्र उलटं. तिथे हात कडेवर नसतात, तळाशी असतात. सिंकची कड ३४-३५ असली तरच घासणाऱ्याची कंबर वाचते. म्हणजे मॉड्युलरवाल्याचा आकडा अगदीच चुकलेला नाही. तो भांड्यांसाठी बरोबर आहे. घरात भांडी घासायला बाई येत असेल तर तिलाही विचारा. मी कित्येक वर्षं विचारत नव्हते. २०२०च्या लॉकडाऊनमध्ये स्वतः तीन महिने भांडी घासली तेव्हा अक्कल आली.

याचा अर्थ ओट्याला दोन-तीन पायऱ्या येणार. कॅटलॉगमधल्या फोटोसारखा तो सलग दिसणार नाही. मी एकदा एका ताईंकडे दिसण्यासाठी तो सलग ठेवला होता, ३४वरच. वर्षभराने गेले तेव्हा ताई पोळ्या लाटत होत्या, जेवायचा जुना शिसवी पाट पायाखाली घेऊन. वाईट वाटू नये म्हणून त्यांनी मला बघून तो हळूच पायाने ओट्याखाली सारला.

सासूबाईंच्या जागेबद्दल. जमिनीवरच बसायचं आहे की नुसतं बसून काम करायचं आहे, हे आधी नीट विचारा. दोन्ही वेगळं आहे. वयाच्या ७८व्या वर्षी जमिनीवर बसणं एक वेळ जमतं, उठणं अवघड जातं. खिडकीपाशी १६ इंच उंचीची बैठक आणि समोर २४-२५ इंचांवर पातळ फळी, खाली गुडघे जायला मोकळी जागा, बाजूला उठताना धरायला घट्ट कठडा. शिवाय मधे किमान पाच बाय पाच फुटांची मोकळी जमीन, फिरतं बेट म्हणजे मधला सुटा ओटा वगैरे काही न घालता.

भिंतीचं असं: १९६४चं बैठं घर म्हणजे बहुधा विटांच्या भिंतींवरच उभं असणार, खांबांवर नाही. ती भिंत नऊ इंची किंवा जास्त असेल तर छताचं वजन तिच्यावर आहे. स्ट्रक्चरल इंजिनियरने बघितल्याशिवाय तिला हातोडी लावू नका, कंत्राटदार कितीही 'होऊन जाईल' म्हणाला तरी. मी असते तर ती पाडलीच नसती. ओट्याच्या बाजूला तीन-साडेतीन फुटांची खिडकी काढून वर बीम टाकला असता. फोडणीचा ठसका बाहेर येणार नाही आणि ओट्याशी उभ्या माणसाला पाठ फिरवून उभं राहावं लागणार नाही. ते माणूस कधीकधी तुमचा नवरा असेल असं मी धरून चालले आहे. त्याची उंचीही कळवा.

मापं घेताना टेप घेऊन सकाळी जाऊ नका. संध्याकाळी पाचनंतर, दिवसभराचं काम झाल्यावर घ्या, आणि घरात वापरतात त्या सपाता पायात असू द्यात. सपातांनी पाऊण इंचाचा फरक पडतो.